काल्पनिक इतिहास: पुण्याचं घटिकायुग. घटका थांबवता आली, तर ती येते कुणाच्या वाट्यातून?

हौदकाठ (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी,

बरेच महिने डोक्यात घोळत असलेला एक काल्पनिक कालखंड आज इथे मांडतोय. मी त्याला घटिकायुग म्हणतो. कथा अजून एकही लिहिलेली नाही. आधी ते जग नीट उभं करायचंय, त्याचे नियम, त्याचा कारभार, त्याची भाषा. इथल्या बऱ्याच जणांचं पेशवाईचं वाचन दांडगं आहे, काही जण विज्ञानातले आहेत, म्हणून हा धागा.

बीज घरातलंच आहे. कसब्यातल्या आमच्या जुन्या वाड्यात आजीच्या फडताळात तांब्याचं घटिकापात्र असायचं. वाडा पडला, त्या जागी इमारत आली, पात्र माझ्याकडे आलं. मोठ्या वाटीएवढं आहे, बुडाला सुईच्या टोकाएवढं भोक. घंगाळात पाणी भरून अलगद सोडलं की आधी काहीच होत नाही. मग भोकातून पाण्याचा एक मणी वर येतो, थरथरतो आणि बुडावर पसरतो. पुढे कितीतरी वेळ नुसतं पात्र जड होत जातं. पाणी काठाशी आलं की ते एका अंगाला कलतं आणि डुबकन खाली जातं. तळाला टेकल्याचा बारीकसा ठक आवाज आला की आजी म्हणायची, "भरली घटका." लहानपणी एकदा मी ते भोक खालून बोटानं बुजवून धरलं. आजीनं मनगट पकडलं. "कुणाची तरी घटका अडवलीस रे," एवढंच म्हणाली, पण रागावून म्हणाली. हे वाक्य माझ्या मनातून कधी गेलंच नाही.

ज्यांना सवय नाही त्यांच्यासाठी हिशेब: दिवसरात्र मिळून ६० घटका, एक घटका म्हणजे २४ मिनिटं. घटकेची ६० पळं, पळ २४ सेकंदांचं. दोन घटकांचा मुहूर्त, साडेसात घटकांचा प्रहर.

आता कल्पनेचा भाग. भास्कराचार्यांच्या सिद्धान्तशिरोमणीत (शके १०७२, म्हणजे इ. स. ११५०) यंत्रांवर एक अध्याय आहे. त्यात घटीयंत्र आहे, आणि पोकळ आऱ्यांत पारा भरून आपोआप फिरत राहणारं एक चक्रही आहे. त्यांची मुलगी लीलावती हिची दंतकथा सगळ्यांना ठाऊक आहे: लग्नघटकेसाठी मांडलेल्या पात्रात ती डोकावली, अंगावरचा एक मोती निसटून भोकावर बसला, पात्र बुडालंच नाही आणि मुहूर्त टळला. ही कथा पसरली ती अकबराच्या दरबारातल्या फैजीनं १५८७ ला केलेल्या लीलावती ग्रंथाच्या फारसी भाषांतरातून, तेव्हा तिला इतिहास म्हणता येत नाही. पण माझं युग त्या मोत्यापासून सुरू होतं. मोत्यानं पात्र अडलं तेव्हा त्या मांडवापुरती वेळच अडली. आतल्यांसाठी घटका थांबली, बाहेरच्यांसाठी निघून गेली. मुहूर्त टळला तो असा. भास्कराचार्यांना हे उमगलं आणि त्यांनी ती विद्या घरातच ठेवली. त्यांचा नातू चांगदेव यानं आजोबांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी चाळीसगावजवळ पाटण इथे मठ स्थापल्याचा शिलालेख खरोखर आहे. माझ्या जगात विद्या त्या मठात सांभाळली गेली आणि पाच शतकांनी पुण्यात आली.

पुण्यातच का, तर पाण्यामुळे. नानासाहेब पेशव्यांच्या काळात, १७५० च्या सुमारास, कात्रजच्या तलावातून बंदिस्त दगडी नळानं शहरात पाणी आणलं गेलं. नुसत्या उतारावर वाहणारं पाणी, मध्ये मध्ये हवेसाठी बांधलेले उच्छ्वास, आणि शेवटी वाड्यातले आणि पेठांतले हौद. ते उच्छ्वास अजून काही ठिकाणी उभे आहेत. माझ्या कल्पनेत पेशव्यांच्या अठरा कारखान्यांत एकोणिसावा कारखाना होता, घटिकाखाना. शनिवारवाड्यात जिथे कात्रजचं पाणी पडतं तिथे एक मोठं पात्र आणि त्याच्या भोकावर बसेल असा मोती.

नियम असे ठरवलेत. एका वेळी एकच घटका अडवता येते. वाहतं पाणी असेल तरच अडवता येते. आणि जिथवर घटिकाखान्याच्या काशाच्या थाळीचा टोला ऐकू जातो तेवढ्याच टापूत ती अडते. टापूच्या आत एक घटका जास्तीची मिळते, बाहेर जग आपल्या चालीनं चालू. शेवट मी १८१८ ठरवलाय, पेशवाई संपली की घटिकाखाना बंद.

दोन जागी अडलोय. एक, हे यंत्र हाताशी असताना ३० ऑगस्ट १७७३ ला नारायणराव पेशवे त्याच वाड्यात कसे मारले गेले? दोन, ही जास्तीची घटका फुकट मिळाली तर गोष्टीत काही दम राहत नाही. तिची किंमत काय आणि ती कोण मोजतं?

मोडीरुमाल

सुंदर कल्पना. मी काही वर्षं मोडी कागद वाचतोय, तेव्हा कागदाच्या बाजूनं बोलतो.

पहिली गोष्ट, तुमच्या युगाची कालगणना एकच नसणार, कारण खऱ्या पेशवाईतही ती एकच नव्हती. शालिवाहन शक होता, शिवाजी महाराजांनी १६७४ ला सुरू केलेला राज्याभिषेक शक होता, महसुलाचा फसली सन होता, आणि कारभाराच्या पत्रांत सगळ्यात जास्त दिसतो तो सुहूर सन. तो मृग नक्षत्राला सुरू होतो म्हणून मृगसाल, आणि तो आकड्यांत नाही, अरबी शब्दांत लिहितात. नारायणरावांचा खून ज्या सालात झाला ते साल कागदावर "आर्बा सबैन मया व अलफ" असं येतं: चार, सत्तर, शंभर आणि हजार, म्हणजे ११७४. पहिल्यांदा वाचताना एकेका तारखेवर अर्धा अर्धा तास जातो. एकदा कानात बसलं की मात्र ती तारीख वाचायची राहत नाही, ऐकू येते.

तेव्हा तुमच्या घटिकाखान्याची स्वतःची रोजकीर्द हवी. कोणत्या दिवशी, कुणाच्या हुकमानं, कोणत्या कामासाठी घटका अडवली, आणि शिल्लक पाणी किती. जमा, खर्च, बाकी. आपल्याकडे बांगड्यांच्या खर्चाची नोंद असते, घटकेची नसेल हे मला पटणारच नाही.

आता तुमचा नारायणरावांचा पेच. माझ्या मते उत्तर याच कागदात आहे. पेशव्यांचा हुकूम म्हणजे नुसतं तोंडानं सांगणं नाही. मसुदा होणार, कारकून लिहिणार, वरच्या नजरेखालून जाणार, शिक्का होणार, शेवटी "मोर्तब सुद" उमटणार. घटिकाखान्याच्या दरोग्याला मोर्तबाशिवाय मोती बसवायचा अधिकार नव्हता असं धरा. गारदी, म्हणजे भाडोत्री शिपाई, वाड्यात शिरले तेव्हा हुकूम द्यायचा ज्यानं, तोच जिवाच्या भीतीनं दालनांतून पळत होता. कागद लिहून होईस्तोवर घटका भरलेली होती. यंत्र बिघडलेलं नव्हतं, दरोगा फितूर नव्हता, पाणी भरपूर होतं, भाद्रपद होता. शिक्क्याला उशीर झाला, बस.

ह्यातली दुसरी छटा बघा. "ध" चा "मा" ची कथा आपण सगळे ऐकत आलो. धरावेचं मारावे झालं म्हणतात. ती खरी असो नसो, लोकांनी ती सांगितली, कारण कागदावरच्या एका अक्षरानं माणूस जातो हे त्यांना ठाऊक होतं. तुमच्या युगात ती भीती दुप्पट होईल.

आणि रामशास्त्री प्रभुण्यांना विसरू नका. खऱ्या इतिहासात न्यायाधीश म्हणून त्यांनी नारायणरावांचे काका राघोबादादा यांना खुनासाठी दोषी धरलं. तुमच्या जगात त्यांच्यापुढे आणखी अवघड खटले येतील. अडवलेल्या घटकेत, टापूच्या आत केलेला गुन्हा कोणत्या वेळेला झाला म्हणायचा? बाहेरचा साक्षीदार म्हणेल, त्या वेळी असं काही घडायला जागाच नव्हती. मला हा खटला वाचायचाय.

काटा_सेकंदाचा

मी भौतिकशास्त्र शिकवतो. धागा वाचून राहवलं नाही.

पाऱ्याचं चक्र कायमचं फिरणार नाही. आऱ्यातला पारा एकीकडे जितका ओढतो तितकाच दुसरीकडे अडवतो, वर अक्षाचं घर्षण आहेच. भास्कराचार्यांची कल्पनाशक्ती अचाट होती, पण बाहेरून ऊर्जा दिल्याशिवाय ते चालत नाही. तुम्ही कात्रजचं उतरतं पाणी जोडलंत, हे फार बरं केलंत. ते पाणी खरंच काम करू शकतं.

वेळ सगळीकडे एका चालीनं धावत नाही, हे मात्र कल्पना नाही. गुरुत्वाकर्षणाच्या जितकं खोल जाल तितकं घड्याळ हळू. सिंहगड समुद्रसपाटीपासून सुमारे १३०० मीटर, पुणे ५६० च्या आसपास. गडावर ठेवलेलं अणुघड्याळ शहरातल्या घड्याळाच्या दिवसाला सुमारे ७ नॅनोसेकंद पुढे जातं, वर्षाला अडीच मायक्रोसेकंद. तुमच्या मोबाइलवरचा नकाशा ज्या जीपीएस उपग्रहांवर चालतो, त्यांची घड्याळं जमिनीवरच्यांपेक्षा दिवसाला साधारण ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात. ती दुरुस्ती केली नाही तर नकाशातली जागा एका दिवसात किलोमीटरांनी चुकेल.

म्हणून एक विनंती. घटका मागे नेऊ नका. तुम्ही "अडवणे" म्हणालात ते योग्य आहे, तेवढंच ठेवा. दोन ठिकाणची वेळ वेगळ्या चालीनं चालणं निसर्गाला मंजूर आहे. भूतकाळात जाऊन काही बदलणं म्हटलं की कार्यकारणभावाच्या गाठी पडतात आणि लेखक त्या सोडवता सोडवता गोष्ट विसरतो.

किमतीबद्दल, हे भौतिकशास्त्र नाही, तुमच्या जगासाठी सुचवतो. पाण्याचा हिशेब चुकत नाही. वाड्यात मोती बसला की पाणी तिथे तुंबणार. म्हणजे त्याच नळावर पुढे असलेल्या हौदांत तेवढा वेळ पाणी पोचणार नाही. घटका आणि पाणी एकच धरलंत, तर वाड्यानं जास्तीची घेतलेली घटका पुढच्या हौदावरच्या लोकांच्या दिवसातून वजा होईल. त्यांचा दिवस ५९ घटकांचा.

शब्दवेल्हाळ

भाषेबद्दल कुणीच बोललं नाही म्हणून.

ह्या युगाची भाषा तुम्हाला घडवावी लागणार नाही, ती आपल्याकडे तयार आहे. वेळ काढणे, वेळ मारून नेणे, वेळ साधणे, घटका भरणे, घटका मोजणे. आपण हे सगळं लक्षणेनं वापरतो. घटिकायुगात ते अक्षरशः खरं असेल. "वेळ काढणे" हा उद्योग असेल, विहिरीतून गाळ काढावा तसा. "वेळ मारून नेणे" हा गुन्हा असेल. "घटका मोजणारा" म्हणजे मरणाला टेकलेला माणूस नसून वाड्यावरचा पगारी नोकर असेल. "घटकाभर बसा" म्हणणं हा फार मोठा पाहुणचार ठरेल, कारण यजमान खरोखर आपली घटका देत असेल.

एक वाक्य मात्र जपून ठेवा. "काळ आला होता पण वेळ आली नव्हती." त्या जगात काळ आणि वेळ ह्या दोन निराळ्या गोष्टी असतील: काळ कुणाच्याच ताब्यात नाही, वेळ वाड्याच्या ताब्यात आहे.

पूर्वभाग

काटा यांचा ५९ घटकांचा दिवस वाचला आणि थांबले. धागाकर्ते, तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर पुण्याच्या इतिहासात आहे आणि तुम्ही त्याला अजून हात लावलेला नाही.

इंग्रजी अमदानीतल्या पुस्तकांत नोंद आहे की पेशवाईत महार आणि मांग लोकांना दुपारी तीननंतर आणि सकाळी नऊच्या आत पुण्याच्या वेशीच्या आत यायला बंदी होती. कारण सावली. सूर्य खाली असला की सावली लांब पडते आणि ती वरच्या जातीच्या माणसावर पडेल म्हणून. आता तुमच्या भाषेत हिशेब करा. सूर्योदय सहाचा धरला तर नऊला एक प्रहर होतो. तीनला दिवसाचा एक प्रहर उरतो. म्हणजे पहिला आणि चौथा प्रहर बंद, मधले दोन खुले. ३० घटकांच्या दिवसातल्या १५ घटका. त्या माणसाचं शहर रोज पंधरा घटकांचं होतं. मार्च-सप्टेंबरात सूर्याच्या नऊला (आजच्या घड्याळात साडेनऊच्या सुमारास) उन्हात उभं राहून बघा, सावली जवळपास आपल्या उंचीएवढी असते. तेवढी चालत होती. त्याहून लांब चालत नव्हती.

वेळ ताब्यात ठेवणारं यंत्र पुण्यात होतंच. त्याला मोती लागत नव्हता, माणसाचं अंग पुरत होतं.

तुमच्या घटिकायुगात वाडा जेव्हा जेव्हा घटका अडवेल, तेव्हा ती वजा कुठे पडेल? टोला ऐकू न येणाऱ्या टापूत. म्हणजे वेशीबाहेर. पंधरातल्या चौदा उरतील, तेरा उरतील. झाडलोट करून, मोळी विकून परत निघालेल्या बाईच्या पायाखाली रस्ता असतानाच तीन वाजतील. तिनं उशीर केलेला नसेल. तिची घटका वर कुणीतरी मसलतीसाठी वापरलेली असेल. आणि रोजकीर्दीत तिचं नाव नसेल, कारण खर्च फक्त वाड्याचा लिहिला जातो.

म्हणून तुमचं १८१८ मला मान्य नाही. राज्य बदललं म्हणून हौद खुले झाले नाहीत. जोतीराव फुल्यांनी १८६८ साली आपल्या घरचा हौद अस्पृश्यांना खुला केला. तुमच्या जगात पाणी म्हणजे वेळ असेल, तर घटिकायुग संपतं ते त्या दिवशी, त्या हौदावर.

मी गंज पेठेजवळ वाढले. तो हौद बघत मोठी झाले. त्यामुळे हे नुसतं सुचवत नाहीये, मनापासून मागतेय.

हौदकाठ (धागाकर्ता)

पूर्वभाग, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला, मग उठून फेरी मारून आलो आणि पुन्हा वाचला.

तुम्ही म्हणता ते खरं आहे. मी वाड्याच्या आत उभा राहून हे जग बघत होतो. मोती कोण बसवतं, हुकूम कोण देतं, कोण वाचतं, एवढंच. आजीचं वाक्य "कुणाची तरी घटका अडवलीस" असं होतं, आणि त्या "कुणाची"चा शोध मी घेतलाच नाही.

शेवट बदलतोय. १८६८. आणि गोष्ट सांगणारी ती मोळीवाली असेल. तिला यंत्राची काही माहिती नाही. तिला फक्त एवढं कळतं की काही दिवस सावली लवकर लांबते.

मोडीरुमाल, तुमची शिक्क्याची युक्ती घेतोय. काटा, मागे जाणं पूर्ण रद्द.

लोहमार्ग

मी रेल्वेतून निवृत्त झालो. वडीलही रेल्वेतच होते. पूर्वभाग ताईंच्या १८६८ ला माझा विरोध नाही, पण युग तिथे संपत नाही असं मला वाटतं. त्याच्या आधीच दुसरा घटिकाखाना गावात आला होता.

१८५८ ला खंडाळ्यापासून पुण्यापर्यंत रेल्वे आली, १८६३ ला बोरघाट चढून ती मुंबईला जोडली गेली. तोवर प्रत्येक गावाची आपापली वेळ होती, सूर्य डोक्यावर आला की दुपार. पुण्याची दुपार मुंबईच्या आधी चार मिनिटं होते. कुणाला त्याची अडचण नव्हती, कारण चार मिनिटांत कुणी मुंबईला पोचत नव्हतं. रेल्वेला हे चालेना. मग देशभर रेल्वे मद्रासच्या वेळेवर चालू लागली. मद्रास आपल्या पूर्वेला, म्हणून ती वेळ पुण्याच्या सूर्याच्या पंचवीस-सव्वीस मिनिटं पुढे. माणूस गावातून निघायचा एका वेळेला आणि स्टेशनात शिरायचा दुसऱ्या वेळेत. एक घटका उंबऱ्यावर जात होती!

१ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाण वेळ आली, साडेब्याऐंशी रेखांशाची. पुणे आहे त्र्याहत्तर पूर्णांक पंच्याऐंशीच्या आसपास. फरक जवळजवळ ३५ मिनिटांचा, म्हणजे दीड घटकेला थोडा कमी. मुंबईनं हे कित्येक वर्षं मनावर घेतलं नाही, तिथे १९५० च्या दशकापर्यंत मुंबई वेळ धरून चालणारे होते. त्यांचा फरक ३९ मिनिटांचा. आजही पुण्यात सूर्य डोक्यावर येतो तो साधारण साडेबारा ते पावणेएकच्या सुमारास. बारा वाजले म्हणून आपण जे म्हणतो ते पुण्याचे बारा नाहीत.

दुसऱ्या महायुद्धात तर सप्टेंबर १९४२ पासून ऑक्टोबर १९४५ पर्यंत सगळी घड्याळं आणखी एक तास पुढे केली होती. वडील सांगायचे, आई पहाटे उठून चूल पेटवायची तेव्हा बाहेर मध्यरात्रीसारखा अंधार असायचा आणि घड्याळ म्हणायचं, पाच वाजले. ती म्हणायची, "हे सरकारचे पाच." तिनं तीन वर्षं तुळशीला पाणी घड्याळाकडे बघून घातलं नाही, उजाडलं की घातलं.

मी ड्यूटीवर असताना मिनिटाचा हिशेब दिला. गाडी वेळेवर गेली की बरं वाटायचं, अजून वाटतं. एकच वेळ असल्याशिवाय एका रुळावर दोन गाड्या सुखरूप जात नाहीत, म्हणून मी प्रमाण वेळेला वाईट म्हणणार नाही. पण गोष्टीत हे यावं. मोती काढला तरी वेळ ठरवणारा कुणीतरी असतोच. तो वाड्यात बसत नाही, एवढाच फरक.

पूर्वभाग

लोहमार्ग काका, तुमचं म्हणणं समजलं, तरी माझं मत थोडं वेगळं आहे. स्टेशनातलं घड्याळ सगळ्यांना सारखंच पुढे होतं. तिकीट काढलेल्या प्रत्येकाची तीच पंचवीस मिनिटं गेली. सावलीचं घड्याळ काहींनाच लागू होतं. मला हा फरक लहान वाटत नाही. पण तुमच्या आईंचं "सरकारचे पाच" मोळीवालीच्या तोंडी "वाड्याचे तीन" होऊन यावं असं फार वाटतंय.

मोडीरुमाल

"वाड्याचे तीन" ह्यासाठी पूर्ण पाठिंबा.

एक भर. तारखा गायब होण्याला त्या काळी इंग्रजांच्या बाजूनंही दाखला आहे. त्यांनी पंचांग बदललं तेव्हा १७५२ च्या सप्टेंबरात २ तारखेच्या दुसऱ्या दिवशी १४ तारीख धरली. घटिकाखान्याच्या दरोग्याच्या कानावर हे गेलं तर त्याला काय वाटेल? आपण पाणी अडवून मुश्किलीनं एक घटका मिळवतो, आणि त्यांनी नुसत्या कागदावर अकरा दिवस पुसले. १८१८ नंतर इंग्रजांनी घटिकाखाना का चालवला नाही, ह्याचं हे कारण होऊ शकेल. त्यांना गरजच नव्हती. १८२८ ला शनिवारवाडा जळाला तेव्हा यंत्र आतच होतं, कुणी बाहेर काढलं नाही.

काटा_सेकंदाचा

धागाकर्ते, एक प्रत्यक्ष प्रश्न. तुमच्या आजीचं पात्र अजून बरोबर २४ मिनिटांत भरतं का? कधी घड्याळ लावून बघितलंय? लिहायच्या आधी मोजा. गार पाणी किंचित दाट, कोमट पाणी पातळ, बारीक भोकात तो फरक कळायला हवा. सकाळी एकदा आणि उन्हात तापलेल्या पाण्यात एकदा.

हौदकाठ (धागाकर्ता)

मोजलं. रविवारी दिवसभर तेच केलं.

आधी भोक साफ केलं. चिंचेनं पात्र घासलं, भोकात केसाएवढी तार फिरवली. हिरवा कळंक निघाला. मग घंगाळ गच्चीत नेलं, वारा लागू नये म्हणून जिन्याच्या कोपऱ्यात ठेवलं आणि मोबाइलवर वेळ लावली.

पहाटे सहाला, रात्रभर बाहेर राहिलेल्या गार पाण्यात: २५ मिनिटं ५ सेकंद. पुन्हा त्याच पाण्यात: २५ मिनिटं २० सेकंद. दुपारी दोनला, टाकीतून आलेल्या तापलेल्या पाण्यात: २३ मिनिटं ४० सेकंद.

म्हणजे उन्हातली घटका पहाटेच्या घटकेपेक्षा जवळपास चार पळांनी तोकडी. काटा, तुम्ही म्हणालात तसंच झालं. मी तिथे बसून मोळीवालीचा विचार करत होतो. तिला शहरात यायला मिळतं ते ऐन दुपारचं, नऊ ते तीन. नेमक्या त्याच वेळी पाणी तापलेलं असतं आणि घटका लवकर भरते. मोती बसवला नाही त्या दिवशीही तिच्या पंधरा घटका इतरांच्या पंधरांपेक्षा लहान आहेत. हे मी ठरवलेलं नाही, पात्रानं सांगितलं.

दुपारच्या खेपेला आई येऊन शेजारी बसली. पंचवीस वर्षांत तिनं ते पात्र पाण्यात पाहिलं नव्हतं. बुडायला आलं तशी ती बोलायची थांबली. पात्र कललं, खाली गेलं, ठक झालं. "भरली," ती म्हणाली, अगदी आजीच्या आवाजात. मग म्हणाली, पुन्हा सोड. मी सोडलं.

पहिलं प्रकरण लिहायला घेतलंय. पहिलं वाक्य असं आहे: "त्या दिवशी वाड्याचे तीन लवकर वाजले." पुढच्या रविवारी इथेच टाकतो. पूर्वभाग, तुम्ही आधी वाचाल का? व्यक्तिगत निरोप पाठवतो.

पूर्वभाग

पाठवा. वाचते.